नादबंध: तिसऱ्या चरणात हात मागे का पडतो आणि त्यावर काय करावे

नादबंध ही आम्ही काही मित्रांनी मिळून रचलेली, केवळ खेळापुरती असलेली मंत्रविद्या आहे. गोष्ट रचत रचत पुढे जाणाऱ्या आमच्या खेळात पात्राला जादू करायची असेल, तर नुसते फासे टाकून भागत नाही. खेळाडूला आठ-आठ मात्रांचे (ऱ्हस्व अक्षराची एक मात्रा, दीर्घाची दोन) चार चरण मोठ्याने म्हणावे लागतात आणि प्रत्येक चरणात नेमून दिलेल्या मात्रेवर नेमून दिलेली हस्तक्रिया करावी लागते. आवाज आणि हात ज्या मात्रेवर भेटतात, त्या जागेला आम्ही गाठ म्हणतो. चारही गाठी बसल्या तर बंध लागतो. एक जरी निसटली तर बंध सुटतो, आणि सुटलेला बंध नेहमी उलटा लागतो, म्हणजे वारा अडवायला निघालेल्याच्या हातातला दिवा प्रथम विझतो. गाठ बसली की निसटली, याचा निवाडा त्या फेरीत न खेळणारा एक जण करतो. त्याला साक्षी म्हणतात.

ज्यांनी ज्यांनी हा खेळ आमच्याकडून नेला, त्यांच्यापैकी बहुतेकांची तक्रार एकच आहे आणि ती पुन्हा पुन्हा येते: पहिले दोन चरण व्यवस्थित जातात, तिसऱ्या चरणात हात मागे पडतो, आणि सराव वाढवला तरी तो मागेच पडत राहतो. तक्रार नवशिक्यांच्या दीपबंधाबद्दल असते, म्हणून तोच उदाहरणाला घेतो.

थांब थांब रे
वारा मागे
ज्योत सरळ कर
मूठ मिटे ही

पहिल्या चरणात चौथ्या मात्रेवर, म्हणजे दुसऱ्या ‘थां’वर, उजवा तळहात उभा होतो. दुसऱ्यात पाचव्या मात्रेवर, ‘मा’वर, दोन्ही तळहात पुढे ढकलले जातात. तिसऱ्यात पाचव्या मात्रेवर, ‘सरळ’मधल्या ‘र’वर, उजव्या हाताची तर्जनी छातीसमोर सरळ उभी राहते. चौथ्यात पाचव्या मात्रेवर, ‘टे’वर, मूठ मिटते. कागदावर या रचनेत काहीही खोट नाही. प्रत्येक चरणाच्या मात्रा मोजल्या तर आठच भरतात, आणि मी स्वतः त्या इतक्या वेळा मोजल्या होत्या, की दोष खेळाडूंच्या हातात आहे अशी माझी पुष्कळ दिवस खात्री होती. ती चुकीची होती. बहुतेक वेळा हात मागे पडत नसतो. आवाज पुढे पळालेला असतो.

आधी नेमके कोण चुकते ते पाहावे

उपाय करण्यापूर्वी हे ठरवणे आवश्यक आहे, कारण दोन्ही दोषांवरचे उपाय एकमेकांच्या विरुद्ध आहेत आणि चुकीचा उपाय केला तर दोष पक्का होतो. कानाने आणि डोळ्याने हे ठरत नाही. मोबाइलवर चित्रण करावे आणि ते एकेक फ्रेम पुढे सरकवत पाहावे. सेकंदाला ३० फ्रेम असतील तर एक फ्रेम सुमारे ३३ मिलिसेकंदांची असते, ६० असतील तर सुमारे १७ मिलिसेकंदांची. आपल्या कामाला ३० पुरेशा आहेत.

मात्र चित्रणातल्या आवाजावर विसंबू नये. काही मोबाइलमध्ये आवाज आणि चित्र यांच्यातच थोडे अंतर पडलेले असते आणि मग आपण खेळाडूचा नव्हे, यंत्राचा दोष शोधत बसतो. त्याऐवजी ओठ पाहावेत. प, फ, ब, भ, म या वर्णांना ओठ मिटतात, आणि ते मिटणे फ्रेममध्ये स्वच्छ दिसते. अडचण अशी, की आमच्या तिसऱ्या चरणात एकही ओष्ठ्य वर्ण नाही, त्यामुळे नेमका जिथे दोष आहे तिथे तोंडाकडे पाहून काही कळत नाही. म्हणून चाचणीपुरता तो चरण बदलून ‘माप समय भर’ असा म्हणावा. अर्थ शोधू नये, तो नाही. मात्रांची ठेवण मात्र हुबेहूब तीच आहे: मा दोन, प एक, स एक, म एक, य एक, भ एक, र एक. पाचव्या मात्रेवर ‘म’ येतो आणि तर्जनी उभी राहण्याच्या क्षणी ओठ मिटलेले आहेत की नाही, ते थेट दिसते.

चाचणी दोनदा करावी. पहिल्यांदा खेळाडूला काहीही न सांगता, त्याच्या नेहमीच्या गतीने. दुसऱ्यांदा कोणीतरी शेजारी बसून टाळीने मात्रा द्यावी आणि टाळी देणारे हातही चित्रात येऊ द्यावेत. टाळीवर तर्जनी बरोबर उभी राहते पण ओठ आधीच मिटून उघडलेले असतात, असे दिसले तर आवाज पळतो आहे. ओठ टाळीबरोबर आहेत आणि तर्जनी नंतर येते, असे दिसले तरच दोष हाताचा. आमच्याकडे पहिला प्रकार कितीतरी अधिक आढळला.

आवाज का पळतो

कारण आपल्या भाषेतच आहे. मराठीत लिहिलेला प्रत्येक ‘अ’ उच्चारला जात नाही. आपण ‘राम’ लिहितो आणि ‘राम्’ म्हणतो. छंदात मोजताना ‘राम’च्या तीन मात्रा होतात आणि श्लोक म्हणणारा त्या तिन्ही भरतोही, पण बोलणारा शेवटचा ‘अ’ गिळतो. आता तिसरा चरण पाहा. कागदावर ज्यो, त, स, र, ळ, क, र अशी सात अक्षरे आहेत. बोलताना त्यांची ‘ज्योत्’, ‘स’, ‘रळ्’, ‘कर्’ अशी चारच होतात. ‘त’ला दिलेली स्वतंत्र मात्रा तोंडातून नाहीशी होते आणि आवाज ‘र’वर जवळपास एक मात्रा आधी पोहोचतो. हाताने मात्रा मोजून केलेली क्रिया आपल्या जागी येते, पण तोवर ‘र’ निघून गेलेला असतो.

मग पहिल्या चरणात हे का होत नाही, असा प्रश्न येईल, कारण ‘थांब’मध्येही ‘ब’ गिळला जातो. तिथे आज्ञेचा हेल वाचवतो. ‘थांब’ हा शब्द आपण कोणाला तरी खरोखर थांबवताना म्हणतो, तेव्हा ‘थां’ ताणला जातो आणि ब्‌नंतर ओठ क्षणभर मिटलेले राहतात; गिळलेल्या स्वराची भरपाई आपोआप होते. दुसऱ्या चरणात सगळीच अक्षरे दीर्घ आहेत, तिथे गिळायला काही नाही. चौथ्यात ‘मूठ’चा ‘ठ’ जातो खरा, पण मुठीची तयारी करताना माणूस स्वाभाविकपणे रेंगाळतो. तिसरा चरण मात्र दिसायला साधा, म्हणायला घसरडा आणि शेवटी तीन लघूंकडे ओढला जाणारा असा आहे. त्याला कोणी धरून ठेवत नाही.

सावकाश म्हटले की दोष जातो, म्हणून अनेक गट सावकाश सराव करतात आणि दोष गेला असे समजतात. हा सर्वांत जास्त वेळ खाणारा चुकीचा उपाय आहे. मिनिटाला ६० मात्रांच्या गतीत माणूस गाण्याच्या ढंगात जातो आणि ‘ज्योत’मधला ‘अ’ उच्चारतो. खेळ रंगात आला, समोर राक्षस उभा राहिला आणि गती १२०च्या पुढे गेली, की तोच माणूस बोलण्याच्या ढंगात येतो आणि ‘अ’ पुन्हा गिळतो. सावकाश सरावाने त्याला जे शिकवले, ते त्या गतीपुरतेच होते.

रिकाम्या मात्रेला हात द्यावा

आम्ही तीन उपाय करून पाहिले. त्यांपैकी जो टिकला, तो आमचा नव्हे, तालाचा आहे. त्रितालात १६ मात्रा आणि चार विभाग असतात. १, ५ आणि १३ या मात्रांवर टाळी पडते, आणि ९व्या मात्रेवर टाळी नसते, पण तिथे हात स्वस्थही बसत नाही: तो उघडा होऊन बाजूला जातो आणि ‘खाली’, म्हणजे टाळीविना मोकळी मात्रा, दाखवतो. खाली म्हणजे काही नसणे नव्हे. ती आवाज न करता दाखवलेली जागा आहे. रूपकात तर सात मात्रांचे आवर्तन सुरूच खालीपासून होते. कर्नाटक संगीतातला आदिताल आणखी पुढे जातो. त्याच्या आठही मात्रा हातावर दिसतात: एक टाळी, मग करंगळी, अनामिका आणि मधले बोट, मग टाळी आणि हात उलटणे, पुन्हा टाळी आणि हात उलटणे. गाणारा कुठेही असो, हात त्याला पुढे पळू देत नाही.

आमच्या रचनेत फक्त गाठीच्या मात्रेवर हात होता, बाकी सात मात्रा हाताविना होत्या. त्यातली जी मात्रा तोंडानेही सोडली, तिला धरणारे कोणी उरले नाही. उपाय असा, की तिसऱ्या चरणाच्या तिसऱ्या मात्रेवर, म्हणजे गिळल्या जाणाऱ्या ‘त’वर, एक लहान क्रिया द्यावी. आम्ही उजव्या अंगठ्याचे टोक अनामिकेला टेकवतो. ही क्रिया साक्षीने तपासायची नसते, तिच्यावर बंध अवलंबून नसतो, आणि ती इतकी लहान आहे की समोरच्याला दिसतही नाही. पण बोट टेकल्याशिवाय पुढचे अक्षर सुटत नाही, आणि तेवढ्यात ती मात्रा भरली जाते. लिहिताना भातखंडे पद्धतीतली, म्हणजे हिंदुस्थानी संगीत कागदावर लिहिण्याच्या पद्धतीतली, अवग्रहाची खूण (ऽ) वापरावी, म्हणजे दीर्घ अक्षराची दुसरी मात्राही डोळ्यांना दिसते:

मात्रा: १ । २ । ३ । ४ । ५ । ६ । ७ । ८
अक्षर: ज्यो । ऽ । त । स । र । ळ । क । र
हात: – । – । टेक । – । उभी । – । – । –

हे पाहिल्यावर सहज लक्षात येते, की सुरुवातीला आम्ही खेळाडूंना दिलेल्या कागदावर चरण एका बाजूला आणि क्रिया दुसऱ्या बाजूला, ‘तिसरा चरण: तर्जनी सरळ’ अशा शब्दांत लिहिली होती. ज्याने कागद लिहिला त्याने, म्हणजे मी, गाठ कुठे आहे हे लिहिलेच नव्हते. खेळाडू ती आपल्या अंदाजाने बसवत होते.

दुसरा उपाय म्हणजे ‘ज्यो’ तीन मात्रांचा करणे. व्याकरणात ह्रस्व एका मात्रेचा, दीर्घ दोन मात्रांचा आणि प्लुत तीन मात्रांचा मानतात, आणि प्लुत दाखवायला स्वरापुढे ३ हा अंक लिहितात. ‘ज्यो३त् सरळ् कर्’ असे म्हटले तर बोलीचा उच्चारही राहतो आणि ‘र’ पाचव्या मात्रेवर येतो. ज्यांचा कान तयार आहे त्यांना हे ताबडतोब जमते. बाकीचे ‘ज्यो’ कधी अडीच मात्रांचा करतात, कधी चार मात्रांचा, आणि मग दोष जाण्याऐवजी फिरता होतो. फिरता दोष स्थिर दोषापेक्षा वाईट, कारण तो शोधता येत नाही.

तिसरा उपाय शब्दच बदलण्याचा: ‘ज्योत सरळ कर’ऐवजी ‘ज्योत उभी कर’. यात पाचव्या मात्रेवर ‘भी’ येतो, तो दोन मात्रांचा असल्याने हाताला दुप्पट जागा मिळते, आणि ओष्ठ्य असल्याने चाचणीही सोपी होते. नव्या गटांना मी हाच पाठ देतो. मात्र ‘त’ इथेही गिळला जातो, उलट पुढच्या ‘उ’ला चिकटून ‘ज्योतुभी’ असे होते, म्हणून अंगठा टेकवण्याची क्रिया काढू नये. शिवाय ज्यांच्या बोटांत जुना पाठ बसला आहे त्यांना तो सोडायला लावण्यात शहाणपण नाही.

दोष खरोखर हाताचा असेल तर

चित्रणात तर्जनीच उशिरा येत असल्याचे दिसले, तर दोन गोष्टी तपासाव्यात. पहिली म्हणजे खेळाडू हात कधी हलवायला घेतो. गाठ म्हणजे क्रिया सुरू होण्याचा क्षण नसून ती पुरी होण्याचा क्षण आहे, हे अनेकांना सांगावे लागते. तबल्यावर थाप समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, पडते, पण पंजा त्याआधी उचललेला असतो. जो ‘र’ ऐकल्यावर हात उचलतो, त्याची तर्जनी ‘ळ’वर किंवा ‘क’वरच उभी राहणार. त्याला ‘स’वर उचल, ‘र’वर पोहोच, असे दोन शब्दांत सांगितले की पुष्कळदा तिथेच काम होते.

दुसरी गोष्ट म्हणजे हात कुठून निघतो. दुसऱ्या चरणात दोन्ही तळहात पुढे ढकललेले असतात आणि उत्साही खेळाडू कोपर पूर्ण ताणून ते खांद्याच्या पुढे नेतो. तिथून छातीसमोर परत येऊन तर्जनी उभी करायला, हात पुढेच ठेवून तिसरा चरण सुरू केला तर चार मात्रांचा अवकाश असतो. मिनिटाला ६० मात्रांच्या गतीत तो ४ सेकंदांचा आहे, १५०च्या गतीत सुमारे १.६ सेकंदांचा. आणि त्याच वेळात अंगठाही टेकवायचा आहे. म्हणून ‘गे’ संपेपर्यंत हात छातीकडे वळलेले असावेत, आणि ढकलताना कोपर अर्धेच उघडावे. दिसायला ही क्रिया थोडी गरीब होते, हे मान्य आहे. आमच्यातल्या एकाला अजून ती पटलेली नाही, आणि त्याचा दिवा अजून विझतो.

डावखुऱ्यांबद्दल एक वाक्य पुरे: त्यांना आरशासारखी उलटी क्रिया करू द्यावी, फक्त साक्षीला ते आधी सांगावे. खरी गडबड शिकवणारा समोर उभा राहून शिकवतो तेव्हा होते, कारण शिकणारे त्याची डावी-उजवी उलटी उचलतात. शिकवणाऱ्याने शिकणाऱ्यांकडे पाठ करून उभे राहावे.

मात्रा चुकीच्या मोजल्या असतील तर

स्वतः बंध रचणाऱ्या गटांकडून येणारा दोष वेगळा असतो. हात आणि आवाज दोन्ही ठीक असतात, पण चरणच सात किंवा नऊ मात्रांचा निघतो. याची दोन नेहमीची उगमस्थाने आहेत. पहिले जोडाक्षराचे. जोडाक्षरापूर्वीचे ऱ्हस्व अक्षर गुरू होते, हा नियम शाळेतून सगळ्यांना ठाऊक असतो, पण मराठीत जिथे आधीच्या अक्षरावर आघात येत नाही तिथे ते लघूच राहते, हा अपवाद विसरला जातो. एका गटाने ‘तुम्ही या रे’ असा चरण केला होता. नियमाने मोजला तर तु दोन, म्ही दोन, या दोन, रे दोन, अशा आठ मात्रा भरतात. जिभेने मोजला तर ‘तु’ एकच मात्रेचा, म्हणून सात. रचणारी आठ मोजत होती आणि म्हणणारे सात म्हणत होते, आणि दोघेही आपापल्या परीने बरोबर होते. नादबंधात जिभेचे मोजमाप खरे धरावे. ‘कुऱ्हाड’, ‘दुसऱ्या’ असे शब्द असतील तर विशेष जपावे.

दुसरे उगमस्थान शब्दरूपाचे. ‘मूठ’मध्ये ‘मू’ दीर्घ आहे, पण ‘मुठी’ होताच तो ऱ्हस्व होतो. चौथ्या चरणात कोणीतरी हौसेने दोन्ही हात घातले आणि ‘मुठी मिटती’ असा बदल केला. मु एक, ठी दोन, मि एक, ट एक, ती दोन, म्हणजे सात. एक मात्रा कुठे गेली, हे त्यांना तीन बैठका सापडले नाही.

वर्ण चुकण्याचा दोष याहून विरळ, पण नमूद करण्याजोगा आहे. आपल्या लिपीत तालव्य ‘ज’ (‘जीवन’मधला) आणि दंत्य ‘ज’ (‘जागा’मधला) एकाच अक्षराने लिहितात. वठलेल्या झाडासाठी केलेल्या बंधात ‘जरा टळू दे’ असा चरण होता. तालव्य उच्चाराने जरा म्हणजे म्हातारपण, आणि म्हातारपण टळो असा अर्थ. दंत्य उच्चाराने जरा म्हणजे थोडे, आणि थोडे टळू दे असा अर्थ. खेळाडूने दंत्य उच्चार केला. साक्षीने बंध लागला असे मान्य केले, पण जे काही व्हायचे होते ते सगळेच जरा टळले आणि झाड पुढच्या बैठकीपर्यंत वठलेलेच राहिले. माझ्या मते तो आजवरचा सर्वांत न्याय्य निवाडा होता. या कल्पनेचे मूळ पतंजलीच्या महाभाष्यात सापडते. ‘इंद्रशत्रु’ या शब्दाचा स्वर चुकला, ‘इंद्राला मारणारा’ऐवजी ‘इंद्र ज्याला मारणार आहे तो’ असा अर्थ झाला, आणि यज्ञ करणाऱ्यावरच तो उलटला, अशी ती कथा आहे. सुटलेला बंध उलटा लागतो, हा आमचा नियम तिथूनच घेतला आहे. ‘ज’सारख्या अक्षराखाली रचतानाच बिंदू द्यावा आणि दंत्य की तालव्य ते ठरवून टाकावे.

साक्षीचा निवाडा

कधी कधी चित्रणात सर्व काही बरोबर दिसते, तरीही साक्षी ‘निसटली’ म्हणतो. इथे भांडण करण्यापूर्वी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. आवाज आणि दृश्य यांच्यातले अंतर आपल्याला दोन्ही दिशांना सारखे जाणवत नाही. दूरचित्रवाणीसाठीच्या आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या शिफारशीत आवाज चित्राच्या पुढे असेल तर सुमारे ४५ मिलिसेकंदांनाच ते जाणवते, आणि मागे असेल तर सुमारे १२५ मिलिसेकंदांपर्यंत खपून जाते, असे धरलेले आहे. वीज आधी दिसावी आणि गडगडाट नंतर ऐकू यावा, याची आपल्याला जन्मापासून सवय आहे. उलटे कधीच घडत नाही. म्हणून हात किंचित आधी आला तर साक्षीला काही खटकत नाही आणि तेवढाच मागे राहिला तर लगेच खटकते. निवाड्याचा नियमही तसाच असावा. आमच्याकडे हात अर्धी मात्रा आधी आलेला चालतो, नंतर आलेला चालत नाही. हा नियम केल्यापासून खेळाडू आपोआप हात थोडा आधी नेऊ लागले, आणि वर सांगितलेल्या उचल-पोहोचीच्या दोषाचा निम्मा भाग नाहीसा झाला.

सराव कसा करावा

एक चरण अखंड शंभरदा म्हणण्याचा उपयोग होत नाही, कारण दोष चरणात नसून दोन शब्दांच्या सांध्यात असतो आणि अखंड म्हणताना सांधा सवयीने झाकला जातो. वेदपठणात पदांचा सांधा उघडा पाडण्याची जुनी युक्ती आहे. जटापाठात पहिले-दुसरे, दुसरे-पहिले, पहिले-दुसरे असे पद उलटसुलट जोडत जातात, आणि मग दुसरे-तिसरे, तिसरे-दुसरे, दुसरे-तिसरे. आमचे शब्द वेदातले नाहीत आणि ते तसे मानण्याचा हेतूही नाही. युक्ती तेवढी उसनी घेतली आहे. ‘ज्योत सरळ, सरळ ज्योत, ज्योत सरळ, सरळ कर, कर सरळ, सरळ कर’, असे हातासकट म्हणावे. उलट्या जोडीत ‘सरळ ज्योत’ म्हणताना तर्जनीकडून अंगठ्याच्या टेकीकडे परत यावे लागते, आणि हाताची वाट कुठे अडते ते तिथे चटकन कळते. सरळ म्हणताना न अडणारा हात उलट म्हणताना अडला, तर क्रियेच्या मांडणीतच दोष आहे असे समजावे.

हात आणि आवाज वेगवेगळे पाठ करून नंतर जुळवू नयेत. नाशिकला लहानपणी एका पाठशाळेच्या ओसरीवर शुक्ल यजुर्वेदाचे माध्यंदिन शाखेचे पठण मी तासन्‌तास पाहिले आहे. स्वराबरोबर उजवा हात खाली-वर होतो आणि बाजूला जातो, आणि अगदी लहान मुलांनाही पहिल्या ओळीपासून हातासकटच म्हणायला लावत असत. पाणिनीय शिक्षा या उच्चारशास्त्राच्या ग्रंथात वेदातल्या स्वरांसाठी बोटांचीसुद्धा वाटणी आहे: उदात्ताला तर्जनी, स्वरिताला अनामिका, अनुदात्ताला करंगळी. हाताविना केलेल्या अध्ययनाची तिथे निंदाच केलेली आहे. त्या मुलांपैकी कोणाचा हात मागे पडल्याचे मला आठवत नाही. हात त्यांच्या लेखी उच्चाराचाच भाग होता. आमच्या खेळाडूंना आम्ही आधी शब्द पाठ करायला दिले आणि हात पुढच्या रविवारी शिकवला. तो आठवडा शब्द बोलीच्या ढंगात घट्ट बसायला पुरेसा होता.

जुना सराव मोडायचा असेल तर चार-पाच दिवस शब्द पूर्ण बंद ठेवावेत आणि चरण नुसत्या ‘म’ने गुणगुणावा: आठ मात्रा, तिसऱ्यावर टेक, पाचव्यावर उभी. गती प्रथम ९० ठेवावी, ६० नव्हे, कारण ६०ला गाण्याचा ढंग येतो. मग शब्द परत आणावेत आणि गती दर बैठकीला थोडी वाढवत १५०पर्यंत न्यावी. त्यापुढे आमच्या खेळात कोणी जात नाही.

एक प्रकार अजून पुरता सुटलेला नाही. मोठ्या मैदानात रिंगण करून अनेकांनी एकत्र बंध म्हणायचा असेल, तर समोरासमोरच्या दोघांत १७ मीटर अंतर असताना एकाचा आवाज दुसऱ्याला सुमारे ५० मिलिसेकंद उशिरा पोहोचतो, आणि प्रत्येक जण ऐकून म्हणू लागला की सगळे रिंगण हळूहळू मंदावत जाते. सध्या आम्ही रिंगणाच्या मध्ये एकाला उभे करून त्याच्या हातातल्या टाळांकडे पाहून म्हणायला सांगतो, ऐकून म्हणायला नाही. मंदावणे थांबले आहे. मात्र त्या टाळकऱ्याला बंधात सामील होता येत नाही, आणि दर खेपेला ही भूमिका कोणी घ्यायची यावरून होणारा वाद मात्रांनी मिटणारा नाही.